स्वयंपाकात प्लॅस्टिकच्या पिशव्या व अस्तरे वापरताना घ्यावयाची काळजी



पूर्वी आपल्या स्वयंपाकघरात पितळ, तांबे, लोखंड, माती आणि दगडी पाटा एवढ्यावर काम भागत असे. आता खेड्यातही प्रेशर कुकर, मिक्सर आणि फ्रीज घरोघरी आले आहेत. काही घरांत विजेवर चालणारा राईस कुकर, मायक्रोवेव्ह, ओव्हन आणि एअर फ्रायर हीसुद्धा उपकरणे दिसतात. या उपकरणांबरोबर प्लॅस्टिकच्या पिशव्याही आल्या. भांड्याला अन्न चिकटू नये म्हणून तळाशी प्लॅस्टिकचा कागद अंथरणे, भांडी घासण्याचा त्रास वाचावा म्हणून पिशवीतच अन्न शिजविणे, गरम रस्सा पिशवीत भरून आणणे अशा सवयी हळूहळू लागत आहेत.

यातील काही पिशव्या खास स्वयंपाकासाठीच तयार केलेल्या असतात आणि त्या नीट वापरल्यास अडचण येत नाही. परंतु बहुतेक घरांत वापरली जाते ती किराणा मालाची, दुधाची, नाही तर खताच्या गोणीतील पिशवी. दिसायला सर्व पिशव्या सारख्याच, पण उष्णता सोसण्याची त्यांची ताकद फार वेगवेगळी असते. कोणते उपकरण किती तापते आणि कोणते प्लॅस्टिक किती उष्णता सोसते, या दोन गोष्टींचा मेळ बसला तरच पिशवी वापरावी, अन्यथा वापरू नये, हेच या लेखाचे सार आहे.

कोणते उपकरण किती तापते?

उपकरणांची अंदाजे तापमाने पुढीलप्रमाणे असतात.

१) मोदकपात्र, इडलीपात्र, उकळते पाणी : सुमारे १०० अंश सेल्सिअस.
२) प्रेशर कुकर, पूर्ण दाब आल्यावर : सुमारे १२० अंश.
३) तळणीचे तेल : १७० ते १९० अंश.
४) ओव्हन व एअर फ्रायर : साधारणतः १६० ते २०० अंश. आतील तापलेली सळई याहून पुष्कळच अधिक गरम असते.
५) भाकरीचा तापलेला तवा : २०० अंशांपेक्षा अधिक.

राईस कुकरची गोष्ट थोडी निराळी आहे. भांड्यात पाणी आहे तोवर तापमान १०० अंशांच्या फारसे पुढे जात नाही. पाणी आटले की बुडाचे तापमान झपाट्याने चढते आणि ही वाढ ओळखूनच आतील खटका पडून कुकर बंद होतो. म्हणून भात होत आल्यावर बुडाशी असलेल्या कोणत्याही कागदाला १०० अंशांहून अधिक उष्णता लागते.

मायक्रोवेव्हमध्ये भांडे थेट तापत नाही, तर मुख्यतः अन्नातील पाणी तापते आणि त्या अन्नामुळे भांडे तापते. पाणीदार पदार्थ १०० अंशांच्या आसपास राहतो. परंतु तेल, तूप, साखर किंवा गूळ असलेला पदार्थ त्याहून बराच जास्त तापू शकतो. त्यामुळे ज्या डब्यात वरण गरम करता येते, त्याच डब्यात तेलाची तर्री असलेली भाजी किंवा शिरा गरम केल्यास डब्याला खड्डे पडलेले दिसतात.

प्लॅस्टिकचे प्रकार कसे ओळखावेत?

प्लॅस्टिकच्या वस्तूवर बहुधा बाणांचा त्रिकोण असतो व त्यात १ ते ७ पैकी एक आकडा असतो. हा आकडा प्लॅस्टिकचा प्रकार सांगतो. तो सुरक्षिततेचा शिक्का नव्हे, हे ध्यानात ठेवावे.

१ : पेट. पाण्याच्या व शीतपेयांच्या बाटल्या. ७० ते ८० अंशांनाच मऊ पडते.
२ : जाड, कडक पॉलिथिन. डबे, कॅन. १२० ते १३५ अंशांच्या दरम्यान वितळते.
३ : पीव्हीसी. काही पारदर्शक आवरणे, नळ्या. ८० अंशांच्या आसपास मऊ पडते. त्याला लवचिक करण्यासाठी मिसळलेली द्रव्ये तेलकट अन्नात उतरू शकतात.
४ : मऊ पॉलिथिन. दुधाच्या व किराण्याच्या पातळ पिशव्या. १०५ ते ११५ अंशांना वितळते.
५ : पॉलिप्रॉपिलीन. जेवणाचे डबे, काही पारदर्शक पिशव्या. सुमारे १६० अंशांना वितळते.
६ : पॉलिस्टायरीन, यातच थर्माकोल येतो. ९० ते १०० अंशांना मऊ पडते.
७ : इतर सर्व. यात नायलॉनसारखी जास्त उष्णता सोसणारी प्लॅस्टिकेही येतात, म्हणून केवळ आकड्यावरून अंदाज बांधू नये.

आता ही यादी आधीच्या यादीशी ताडून पाहावी. दुधाची पिशवी १०५ ते ११५ अंशांना वितळते आणि प्रेशर कुकर १२० अंशांपर्यंत जातो. म्हणजे ती पिशवी कुकरमध्ये टिकणारच नाही. ओव्हनमध्ये तर जेवणाचा चांगला डबासुद्धा टिकत नाही.

वितळण्यापूर्वीच नुकसान

“पिशवी वितळली नाही, मग काय बिघडले?” असे अनेकदा विचारले जाते. प्लॅस्टिक तयार करताना त्यात लवचिकपणा, रंग व टिकाऊपणा यांसाठी निरनिराळी द्रव्ये मिसळतात. पिशवी शाबूत दिसत असली तरी ही द्रव्ये थोड्या थोड्या प्रमाणात अन्नात उतरू शकतात. चार कारणांनी हे प्रमाण वाढते : उष्णता जास्त असणे, अन्न बराच वेळ पिशवीत राहणे, अन्न तेलकट किंवा आंबट असणे आणि पिशवी जुनी, चरे पडलेली असणे. गरम रस्सा भरलेल्या पातळ पिशवीत यांपैकी बहुतेक कारणे एकत्र येतात.

द्रव्यांबरोबर प्लॅस्टिकचे अतिसूक्ष्म कणही सुटतात. खरगपूर येथील आय.आय.टी.च्या संशोधकांनी चहाच्या कागदी कपांचा अभ्यास केला होता. हे कप कागदी दिसले तरी पाणी झिरपू नये म्हणून आतून बहुधा पॉलिथिनचे पातळ अस्तर लावलेले असते. अशा कपात ८५ ते ९० अंशांचे गरम पाणी १५ मिनिटे ठेवले असता १०० मिलिलिटर पाण्यात सुमारे २५,००० सूक्ष्म कण उतरल्याचे त्यांना आढळले. उकळीपेक्षा कमी तापमानाला केवळ पाव तासात ही स्थिती, तर पिशवीत तासभर वाफवलेल्या पदार्थाची काय होईल, याची कल्पना करता येईल. या कणांचा शरीरावर नेमका किती परिणाम होतो यावर संशोधन चालू आहे. परंतु जे टाळता येते ते, विशेषतः लहान मुले व गरोदर स्त्रिया यांच्या बाबतीत, टाळणेच शहाणपणाचे आहे.

आपल्या देशात अन्नाला लागणाऱ्या वेष्टनासाठी अन्न सुरक्षा व मानके (पॅकेजिंग) विनियम, २०१८ लागू आहेत. त्यानुसार प्लॅस्टिकमधून अन्नात उतरणाऱ्या एकूण द्रव्यांची मर्यादा एक किलो अन्नामागे ६० मिलिग्रॅम ठरविलेली आहे. ही तपासणी पिशवी ज्या वापरासाठी केलेली आहे त्या वापराला धरून होते. थंड दुधासाठी केलेली पिशवी उकळत्या पाण्यात टाकली, तर त्या तपासणीचा भरवसा उरत नाही.

प्रेशर कुकरमध्ये पिशवी नकोच

कुकरमध्ये प्लॅस्टिकची पिशवी अगर कागद कधीही ठेवू नये. याचे कारण केवळ वितळणे एवढेच नाही. कुकरच्या झाकणातील ज्या बारीक नळीतून शिटीवाटे वाफ बाहेर पडते, ती नळी मोकळी असणे फार महत्त्वाचे असते. वाफेच्या जोराने पातळ कागद वर उचलला जाऊन या नळीच्या तोंडाशी चिकटला तर वाफ कोंडते, दाब वाढत जातो आणि सर्व भार एकट्या सेफ्टी व्हॉल्व्हवर येतो. तो व्हॉल्व्ह जुना किंवा अन्न साचून बुजलेला असल्यास झाकण उडून गंभीर अपघात होऊ शकतो. शिटी नेहमीच्या वेळेत झाली नाही तर गॅस बंद करावा, कुकर आपोआप थंड होऊ द्यावा व मगच नळी तपासावी. दाब असताना झाकण उघडण्याची घाई करू नये.

बाजारात न शिजवता थेट गरम करून खावयाच्या तयार भाज्यांची पाकिटे मिळतात व ती १२० अंशांच्या आसपास प्रक्रिया केलेली असतात. ते पाहून काही भगिनी साध्या पिशवीत भाजी भरून कुकरमध्ये ‘टिकाऊ’ करण्याचा प्रयत्न करतात. ती पाकिटे अनेक पदरांची असतात आणि दाबावर नियंत्रण ठेवणाऱ्या खास यंत्रात त्यांवर प्रक्रिया होते. घरच्या कुकरमध्ये हा प्रयोग मुळीच करू नये. अशी भाजी टिकत तर नाहीच, उलट तिच्यात विषारी जंतूंची वाढ होण्याचा धोका असतो.

इडली, ढोकळा, मोदक वाफविताना

वाफेचे तापमान १०० अंश असले तरी पातळ पॉलिथिन तेवढ्यानेही मऊ पडते. २०२५ साली शेजारच्या कर्नाटक राज्यात काही हॉटेलांतून इडली वाफविताना कापडाऐवजी प्लॅस्टिकचा कागद वापरला जात असल्याचे तपासणीत आढळून आले आणि तेथील शासनाने या वापरावर बंदी जाहीर केली. समारंभासाठी मोठ्या प्रमाणावर इडली, ढोकळा करणाऱ्या आपल्याकडील आचारी मंडळींनी व बचत गटांनीही यापासून बोध घ्यावा.

खरे पाहता आपल्या परंपरेत उत्तम अस्तरे आहेतच. ओले करून पिळलेले सुती मलमल कापड इडलीला व ढोकळ्याला चालते. मोदकाखाली केळीचे किंवा कर्दळीचे पान घालतात. कोकणात व गोव्यात पातोळ्या हळदीच्या पानात वाफवितात आणि त्या पानाचा सुवास हीच त्यांची खासियत आहे. यापैकी काहीच नसेल तर ताटलीला तेलाचा किंवा तुपाचा हात लावावा. मलमलचे कापड प्रत्येक वापरानंतर धुऊन, उकळत्या पाण्यातून काढून कडक उन्हात वाळवावे.

ओव्हनसाठीच्या खास पिशव्या

भाज्या, रताळी, कोंबडी इत्यादी भाजण्यासाठी ओव्हनच्या खास पिशव्या मिळतात. त्या नायलॉनच्या किंवा उष्णता सोसणाऱ्या पॉलिएस्टरच्या असतात व बहुधा २०० अंशांपर्यंत वापरता येतात. वेष्टनावर तापमानाची मर्यादा स्पष्ट छापलेली असेल तरच पिशवी घ्यावी. वापरताना पुढील काळजी घ्यावी.

१) ओव्हनचे तापमान पिशवीवर लिहिलेल्या मर्यादेच्या वर नेऊ नये.
२) पिशवीत एक मोठा चमचा मैदा टाकून ती हलवावी. त्यामुळे सुटणारी चरबी व पाणी एकजीव राहून पिशवी फुटण्याचा संभव कमी होतो.
३) तोंड बांधण्यासाठी पिशवीबरोबर आलेली पट्टी किंवा सुती दोरा वापरावा. तारेची किंवा साध्या प्लॅस्टिकची पट्टी वापरू नये.
४) वाफ जाण्यासाठी वरच्या बाजूला चार-सहा लहान चिरा द्याव्यात.
५) पिशवी खोलगट ताटात ठेवावी. ती फुगते, म्हणून ओव्हनच्या भिंती व सळ्या यांपासून सर्व बाजूंनी मोकळी जागा असावी. लहान ओव्हनमध्ये जागा पुरत नसेल तर पिशवी वापरूच नये.
६) केवळ वरची सळई चालू ठेवून भाजताना, निखाऱ्यावर, गॅसच्या ज्योतीवर किंवा तव्यावर ही पिशवी वापरू नये.
७) बाहेर काढल्यावर थोडा वेळ थांबावे व चेहरा दूर ठेवून कात्रीने पिशवी उघडावी. आतील वाफ हात व तोंड भाजू शकते.
८) एकदा वापरलेली पिशवी पुन्हा वापरू नये.

मायक्रोवेव्ह, राईस कुकर आणि एअर फ्रायर

मायक्रोवेव्हमध्ये काचेचे किंवा चिनी मातीचे भांडे सर्वांत चांगले. प्लॅस्टिकचे भांडे असल्यास त्यावर मायक्रोवेव्हसाठी योग्य असल्याचा उल्लेख पाहावा. असा उल्लेख म्हणजे ते भांडे त्या वापरात वितळणार नाही एवढी हमी असते. म्हणून तेलकट व गोड पदार्थ त्यातही तापवू नयेत. बंद पिशवी आत ठेवू नये, कारण वाफ कोंडून ती फुटते. झाकण सैल ठेवावे आणि पारदर्शक आवरण अन्नाला टेकू देऊ नये. ॲल्युमिनियमची पातळ पत्री मायक्रोवेव्हमध्ये ठिणग्या पाडते, तीही टाळावी. बाळाचे दूध प्लॅस्टिकच्या बाटलीत तापवू नये. ते स्टीलच्या भांड्यात गॅसवर तापवून, कोमट झाल्यावर बाटलीत ओतावे.

राईस कुकरच्या भांड्यात अस्तर घालू नये. भांड्याचे बूड व खालची तापणारी तबकडी यांच्यामध्ये तर काहीही येऊ देऊ नये, नाही तर खटका वेळेवर पडत नाही. भात चिकटत असेल तर पाण्यात चमचाभर तेल घालावे व भात झाल्यावर दहा मिनिटे झाकण ठेवावे.

एअर फ्रायरमध्ये प्लॅस्टिकचे काहीही नको. त्यासाठी मिळणारा भाजण्याचा कागद वापरल्यास त्यावर पदार्थाचे वजन असावे. रिकामा कागद पंख्याच्या झोताने उडून वरच्या सळईला लागतो व पेटतो.

खत, औषध व बियाण्यांच्या पिशव्या

शेतकरी कुटुंबाने सर्वांत जास्त जपावे ते येथेच. खताच्या गोणीतील आतली पिशवी जाड, स्वच्छ व फुकट मिळते. त्यामुळे ती धुऊन पापड वाळत घालायला, पापडयंत्रात घालायला किंवा धान्याच्या कणगीत अस्तर म्हणून वापरण्याचा मोह होतो. शेंगा, कणसे उकडताना वाफ कोंडण्यासाठी खताची गोणी झाकण म्हणूनही टाकली जाते. धुतल्याने खताचे कण निघाले तरी प्लॅस्टिकमध्ये मुरलेले पूर्ण निघत नाही. शिवाय ही पिशवी अन्नासाठी बनविलेलीच नसते. बीजप्रक्रिया केलेल्या बियाण्याची पिशवी व कीटकनाशकाची पिशवी, डबा किंवा बाटली तर कितीही धुतली तरी घरात आणू नये. औषधाचे रिकामे डबे फवारणीच्या वेळीच तीनदा खळबळून ते पाणी फवारणी पंपात ओतावे आणि डब्याला भोके पाडून तो पुन्हा वापरता येणार नाही असा करावा.

पापड लाटताना किंवा दाबताना उष्णता नसते. तेथे अन्नासाठीच्या नव्या, रंगहीन पॉलिथिनचा कागद चालतो. शेंगा उकडताना झाकण म्हणून स्वच्छ गोणपाट ओले करून किंवा केळीची पाने वापरावीत.

प्लॅस्टिक कोठे चालते?

थंड व कोरड्या पदार्थांसाठी अन्नाकरिता तयार केलेली पिशवी सोयीची आहे. मटार फ्रीजरमध्ये ठेवायचे असल्यास दीड-दोन मिनिटे उकळत्या पाण्यात टाकून लगेच गार पाण्यात काढावेत, निथळून पूर्ण थंड झाल्यावरच पिशवीत भरावेत. पातळ पदार्थ गोठताना फुगतो, म्हणून पिशवीत थोडी जागा सोडावी. गोठलेली पिशवी गरम पाण्यात टाकू नये. पिशवी कापून पदार्थ भांड्यात काढावा व मग तापवावा. दुधाच्या पिशवीचा कोपरा कापताना तुकडा सुटा करू नये, तो पातेल्यात पडतो.

बचत गटांनी भाजणी, मेतकूट, चटण्या पूर्ण थंड करूनच पिशव्यांत भराव्यात. गरम माल भरल्यास वाफ धरून आत पाणी सुटते, बुरशी येते आणि सर्व घाणीचा माल परत येतो. काळ्या किंवा गडद रंगाच्या पिशव्या बहुधा वापरलेल्या प्लॅस्टिकपासून बनवितात. त्या अन्नासाठी वापरू नयेत.

शेतावर भाकरी नेताना ती सुती फडक्यात व रस्सा स्टीलच्या डब्यात न्यावा. हॉटेलातून सांबार, चहा आणताना घरून डबा किंवा किटली न्यावी.

अपघात झाल्यास

ओव्हनमध्ये पिशवी पेटल्यास प्रथम वीज बंद करावी व दार बंदच ठेवावे. हवा न मिळाल्याने आग विझते. पूर्ण थंड झाल्यावर चिकटलेले प्लॅस्टिक लाकडी पट्टीने खरवडावे. वितळलेले प्लॅस्टिक अंगावर पडल्यास तो भाग सुमारे २० मिनिटे वाहत्या गार पाण्याखाली धरावा. चिकटलेले प्लॅस्टिक ओढून काढू नये, त्यावर तूप, टूथपेस्ट लावू नये व डॉक्टरांकडे जावे. ज्या अन्नात प्लॅस्टिक वितळले असेल ते टाकून द्यावे, जनावरांनाही घालू नये. उरलेले अन्न पिशवीत बांधून उकिरड्यावर फेकल्यास गाई-म्हशी ते पिशवीसकट खातात व पिशवी पोटात अडकून राहते. चूल पेटविण्यासाठीही प्लॅस्टिक जाळू नये. त्याचा धूर विषारी असतो व तो सर्वांत आधी स्वयंपाक करणाऱ्या बाईच्या आणि तिच्याजवळ बसलेल्या मुलाच्या छातीत जातो.

थोडक्यात

१) पिशवीवर तापमान लिहिलेले नसेल तर ती फक्त थंड व कोरड्या पदार्थासाठी वापरावी.
२) प्रेशर कुकरमध्ये कोणतीही पिशवी किंवा प्लॅस्टिकचा कागद ठेवू नये.
३) तेलकट, आंबट, गरम अन्न प्लॅस्टिकमध्ये भरू नये.
४) वाफविण्यासाठी मलमल किंवा पाने, तापविण्यासाठी काच, चिनी माती वा स्टील वापरावे.
५) खत, औषध व बियाण्याची पिशवी स्वयंपाकघराच्या उंबऱ्याआत आणू नये.

वरील काळजी घेण्यास खर्च येत नाही, फक्त सवय बदलावी लागते. आजच आपल्या स्वयंपाकघरातील पिशव्या एकदा बाहेर काढून पाहाव्यात व वरीलप्रमाणे वेगळ्या कराव्यात. शेतात कष्टाने पिकविलेले धान्य व भाजीपाला ताटात येईपर्यंत शुद्ध राहावा, याची जबाबदारी घरातील सर्वांनी मिळून घ्यावी.